चार घोड्यांची भाकणूक

जगाचा अंत कसा होणार हे माणसाला फार पूर्वीच सांगून ठेवलेलं आहे. ऐकायला फक्त धीर लागतो. मी ते ऐकलं आहे. जतकडच्या एका देवळापुढे, चैत्रातल्या भर दुपारी, मेंढरांच्या वासात उभं राहून. ऐकून झाल्यावर आम्ही सगळे पंगतीला बसलो. आमटी तिखट होती आणि पाणी कमी होतं.

दुसरी मोठी लढाई संपून वर्ष-दीड वर्ष झालं असेल. मी त्या गावात संस्थानी शाळेत मास्तर होतो. मूळचा मी वाईचा. आमच्या घरातले पुरुष कृष्णेच्या घाटावर बसून दुसऱ्यांच्या पितरांना सद्गती मिळवून देत. त्यातल्या किती जणांना ती मिळाली याची पोच कधी आली नाही, पण तक्रार घेऊनही कोणी आलं नाही. असा चालता धंदा सोडून मी साताऱ्याला शिकायला गेलो हे घरात कोणाला पटलं नाही.

साताऱ्यात शिकताना मी एका मिशनरी बाईंना मराठी शिकवत असे. बाईंचा भविष्यकाळ कच्चा होता. तो पक्का व्हावा म्हणून त्यांनी आपल्या धर्मग्रंथातलं शेवटचं प्रकरण वाचायला घेतलं, कारण त्यात सगळं पुढे व्हायचंच आहे. त्यामुळे जगबुडी मला आधी घरी संस्कृतात आणि मग साताऱ्यात बाईंच्या मराठीत, अशी दोनदा पाठ झाली. आकाश चटईसारखं गुंडाळलं जाणार, तारे कच्च्या फळांसारखे गळणार, चंद्र रक्ताचा होणार आणि चार घोडेस्वार निघणार. बाई हे अत्यंत मृदू आवाजात वाचत आणि मध्येच थांबून चहा घेत. हे ज्ञान पुढे कधी उपयोगी पडेल असं मला वाटलं नव्हतं. मास्तरकीत त्याची गरज लागत नाही.

गाव कानडी आणि मराठीच्या मधोमध होतं. लोक मेंढरांशी एका भाषेत बोलत आणि सरकारशी दुसऱ्या. पावसावरची ज्वारी, मेंढरं आणि धूळ, एवढंच तिथे पिके. चैत्रात तिथल्या बिरोबाची जत्रा भरे. ढोल वाजत, भंडाऱ्याने माणसं पिवळी होत, आणि दुपारी एका ठरलेल्या घरातला पुरुष देवळापुढच्या दगडावर चढून येत्या वर्षाचं भविष्य बोले. त्याला भाकणूक म्हणत. देव अंगात आलेला असे, तेव्हा बोलणं देवाचं. भाषा मोठी घडीव. मेघ पाठ फिरवील, मग वळून बघील. पांढरं धान्य हसंल, तांबडं धान्य रुसंल. राजाच्या घरात दिवा हलंल. वर्ष कसंही गेलं तरी वाक्य खोटं पडू नये असा त्याचा बेत असे. वाईच्या माणसाला या कारागिरीचं कौतुक वाटल्याशिवाय राहत नाही. मेंढके मात्र ते मन लावून ऐकत आणि कळप खाली कृष्णाकाठी केव्हा न्यायचा ते त्यावरून ठरवत.

भाकणुकीचा मान एका थोरल्या घराकडे होता. नियम असा की एखाद्या जत्रेला त्या घरातलं कोणी दगडावर चढून बोललं नाही, तर मान कायमचा धाकट्या घराकडे जायचा. पिढ्यान् पिढ्या तशी वेळ आली नव्हती. त्या हिवाळ्यात मात्र थोरल्या घरातल्या म्हाताऱ्याचं डावं अंग वाऱ्याने गेलं. तोंड वाकडं झालं आणि शब्द तोंडातच विरघळू लागले. त्याला सगळे आबा म्हणत. त्याला एकच मुलगा. तो इटलीतल्या लढाईतून परत आला होता. त्याला गाव फौजी म्हणत असे.

धाकट्या घरात आबांचा एक पुतण्या होता. आवाज दणदणीत, केस लांब. तो नदीकडच्या ओढ्यात जाऊन अंगात आणायचा सराव करतो असं शाळेतली पोरं मला सांगत. पोरांच्या मते तो चांगला घुमायचा.

फौजीची गोष्ट वेगळी होती. तो घुमायचा नाही, हसायचा नाही, चिडायचा नाही. सकाळी मेंढरं घेऊन जाई, संध्याकाळी आणी. कोणी काही विचारलं तर नेमकं तेवढंच उत्तर देई आणि उत्तर संपल्यावर तसाच उभा राही, पुढचा हुकूम येईपर्यंत उभं राहावं तसा. इटलीबद्दल विचारलं तर म्हणे, "डोंगर हुतं. चिखल हुता." एकदा तो शाळेच्या पडवीत आला आणि दाराच्या बाहेरच थांबला.

"मास्तर, एक काम हुतं."

"या की आत."

"आत कशाला? आबाचं म्हननं हाय की औंदा दगडावर मी चढायचं. न्हाई चढलो तर मान जातो. आबाला रातध्याड त्येचाच घोर हाय."

"मग चढा."

"चढीन. पर देव यायला पायजे ना अंगात. माझ्या अंगात कायच येत न्हाई मास्तर. भूक लागत न्हाई. बायको आणायची म्हनत्यात, त्येचं बी काय वाटत न्हाई. आता भूकच येत न्हाई तिथं देव कुठनं येनार?"

हे त्याने तक्रारीच्या सुरात सांगितलं नाही. बैल लंगडतोय असं सांगावं तसं सांगितलं. मी म्हणालो की देव न येताही लोक भाकणूक बोलत असतील. तो म्हणाला, "बोलत असतील. पर त्येंना काय बोलायचं ते सुचतं. मला सुचत बी न्हाई."

मग त्याने कांबळ्यात गुंडाळलेल्या दोन वस्तू बाहेर काढल्या. एक ग्रामोफोनची तबकडी आणि एक पातळ कागदाचं, फाटकं इंग्रजी पुस्तक. त्यांच्या तुकडीला रसद आणणाऱ्या गाडीचा एक अमेरिकन ड्रायव्हर होता, त्याने दिलेल्या. ड्रायव्हर आपल्या मुलखात गुरं राखायचा. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, पण गुरं आणि मेंढरं यांच्याबद्दल हातवाऱ्यांनी पुष्कळ बोलता येतं असं फौजीचं म्हणणं. एक दिवस ड्रायव्हरने पुढे जाताना सामान याच्याकडे ठेवायला दिलं.

"मग?"

"गाडी परत आली. ड्रायव्हर दुसरा हुता."

फौजीला पलटणीत रोमन अक्षरं शिकवली होती. त्यामुळे त्याला इंग्रजी वाचता येत असे, फक्त कळत नसे. त्याने ते सबंध पुस्तक असं वाचून काढलं होतं. याला काय म्हणावं ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

गावात ग्रामोफोन एकच, तो अण्णांच्या दुकानात. अण्णा सांगलीकडून येऊन तिथे कापडाचं दुकान थाटलेले जैन व्यापारी. त्या दिवसांत धान्यासारखंच कापडही सरकारी कंट्रोलमध्ये होतं, मोजून मिळे. विकायला फारसं काही नसल्यामुळे अण्णांना गाणी लावायला भरपूर वेळ असे. आम्ही तबकडी नेली तेव्हा त्यांनी ती उन्हात धरून, बोटाने पुसून, दोन्ही बाजूंनी पाहिली.

"देवाचं हाय का नाटकाचं?"

"देवाचंच म्हणायचं," मी म्हणालो. "पण गुराख्याने म्हटलेलं."

"मग चांगलंच असणार. लावू या. पण दिवस मावळायच्या आत संपवा हां. माझं जेवण असतं."

सुई टेकवल्यावर आधी खरखर, मग तारांचं एक वाद्य, आणि मग एक नाकातला आवाज. तो माणूस शब्द गात नव्हता, लांब गेलेल्या जनावराला हाका मारत होता. मध्येच गळा उलटून वरच्या सुरात जाई आणि परत खाली येई. आमच्याकडचे मेंढके ओढ्यापलीकडच्या कळपाला असंच बोलावतात. फौजी दाराला टेकून ऐकत होता. अण्णा म्हणाले, "गळ्याला काय झालंय त्याच्या?"

मी शब्द ऐकू लागलो आणि मला साताऱ्याच्या बाई आठवल्या. तेच चार घोडे. पण आता ते एका कोरड्या माळावरून येत होते, धुरळा उडवत, आणि गाणारा गुराखी आपली गुरं गोळा करत त्यांच्याकडे बघत होता. आकाश इथे कमावलेल्या कातड्यासारखं गुंडाळलं जात होतं. मोठ्या देवाच्या घरी शेवटची मोजणी व्हायची होती आणि ज्या गुरावर ज्याची डागणी असेल ते जनावर त्याचं होणार होतं. बाईंच्या वाचनात चहा होता. इथे तहान होती. तिसऱ्या घोड्यापाशी तबकडीवर चरा होता. तिथे सुई अडके आणि काळा घोडा पुन्हा पुन्हा तेवढ्याच वाटेवर येत राही. अण्णांनी बोटाने सुई पुढे सरकवली.

"ह्यात हिंसा लय दिसते," अण्णा म्हणाले. भाषा त्यांना येत नव्हती. सुरावरून त्यांनी ओळखलं होतं.

पुस्तक मी घरी नेऊन वाचलं. मुखपृष्ठावर रुंद टोपीचा एक स्वार होता, घोड्याच्या डोळ्यांतून ज्वाळा निघत होत्या, आणि स्वार सात तोंडांच्या एका श्वापदावर पिस्तूल रोखून बसला होता. आत कथा अशी की वाळवंटातल्या एका गावात चार परके घोडेस्वार येतात. पहिला आला की गावचा फौजदार पळतो, दुसरा आला की भाऊ भावावर गोळी झाडतो, तिसरा आला की दुकानातलं पीठ संपतं, चौथा आला की विहिरी आटतात. मग आटलेल्या तळ्यातून श्वापद निघतं. श्वापदाला तोंडं सात आणि नायकाच्या पिस्तुलात गोळ्या सहा. कथेतला सगळा ताण या हिशोबावर उभा होता. अमेरिकेत अजून जुनी देवळं नाहीत असं मी वाचलं होतं, पण जगबुडीला त्यांनी टोपी घालून ठेवली होती. आपल्याकडेही वेगळं काय आहे? आपला शेवटचा अवतार पांढऱ्या घोड्यावर तलवार घेऊन येणार आहे. घोडा काय तो सगळीकडे ठरलेला.

मी फौजीला सगळं मराठीत सांगितलं. गाण्यातलं, पुस्तकातलं, आणि बाईंच्या प्रकरणातलं जे या दोघांनी गाळलं होतं तेही. चार घोडे निघतात कसे, तर स्वर्गात एक मोहोर लावलेलं बाड असतं आणि त्याच्या मोहरा फोडायचा अधिकार कोणाही राजाला, पुरोहिताला नसतो. तो एका कोकराला असतो. कापलेलं कोकरू. ते उभं राहतं आणि मोहरा फोडतं.

फौजीने पहिल्यांदाच आपणहून विचारलं, "कापलेलं?"

"कापलेलं."

"आन् उभं ऱ्हातं?"

"असं लिहिलंय."

त्याने पुस्तक परत कांबळ्यात गुंडाळलं. मग म्हणाला, "मास्तर, हे मी दगडावर बोललो तर?"

मी म्हणालो, हा दुसऱ्यांचा धर्म, दुसऱ्यांचा देव. बिरोबापुढे कसा चालेल?

"लढाई बी दुसऱ्यांचीच हुती. ती चालली की."

 आमच्या घराण्यात तर न कळणाऱ्या भाषेतलं दुसऱ्यांच्या वतीने म्हणून दाखवण्यावर कित्येक पिढ्या जेवल्या आहेत. मी होकार दिला आणि ते सगळं त्याला पाठ करता येईल इतक्या लहान वाक्यांत बसवून दिलं.

तालीम आबांच्या बाजेपाशी झाली. खरं तर फौजीला ती तिथे नको होती, पण आबांनी चांगल्या हाताने खूण करून बोलावलं. फौजी सावधान उभा राहून, हात मांड्यांना चिकटवून बोले. पांढरा घोडा येईल. तांबडा घोडा येईल. आवाजात चढ नाही, उतार नाही. पहाऱ्यावरचा शिपाई बदली देताना बोलतो तसं. मी म्हणालो, थोडं अंग हलवून बघा. त्याने खांदे हलवले. ते इतकं वाईट दिसलं की मी म्हणालो, राहू द्या.

शेवटी कोकराचं वाक्य होतं: कापलेलं कोकरू उभं राहील आणि जग पुन्हा मार्गी लागेल. ते ऐकताना आबांची मान बाजेवर वळली. वाकड्या तोंडातून एक आवाज निघाला. फौजीला कळला.

"परत म्हन म्हनतोय."

त्याने परत म्हटलं. आबांनी आणखी एकदा म्हणायला लावलं. त्यानंतर रोज संध्याकाळी आबा घोडे लवकर उरकून घ्यायला लावत आणि कोकरू दोन-तीनदा ऐकत. ऐकताना त्यांचा उजवा पाय पांघरुणाखाली हलायचा. डावा हलत नव्हता.

जत्रेच्या दिवशी आबांना बाजेसकट उचलून देवळापुढे लिंबाच्या सावलीत आणलं. धाकट्या घरातला पुतण्या केस मोकळे सोडून सगळ्यांच्या पुढे उभा होता आणि ढोलाबरोबर आधीच थोडा थोडा थरथरत होता, म्हणजे वेळ आलीच तर उशीर नको. दगडाच्या दुसऱ्या बाजूला एक म्हातारा मेंढका बसला होता. सरहद्दीपलीकडून आलेल्यांसाठी भाकणुकीचं प्रत्येक वाक्य कानडीत सांगणं हे त्याच्या घराचं काम. जगाचा अंत अशा रीतीने इंग्रजीतून मराठीत आणि मराठीतून कानडीत यायचा होता. वाटेत त्याचं काय होईल याची मला थोडी काळजी होती.

ढोल थांबले. फौजी दगडावर चढला. अंगावर पलटणीतला खाकी शर्ट, त्यावर भंडारा. तो हलला नाही, घुमला नाही. समोर बघून बोलू लागला.

"पांढरा घोडा येईल. स्वाराच्या डोक्यावर मुकुट आसंल. जिकत जाईल."

कानडी होईपर्यंत कुजबुज सुरू झाली. "गोरा सायब रं." "आला की. माझ्या आज्याच्या टायमाला आला." "आता चाललाय म्हनत्यात." "जाईना का, घोडं घिऊन जा म्हनावं."

"तांबडा घोडा येईल. हातात मोठी तलवार. मानूस मानसाला मारंल."

"ही लढाई," एक बाई म्हणाली. "झाली ही. माझी दोन गेल्ती. एक आलं." ती हे शेजारणीला सांगत होती, आणि शेजारणीला ते ठाऊक होतं.

"काळा घोडा येईल. स्वाराच्या हातात तराजू. धान्य मोजून मिळंल."

"कंट्रोल!" चारी बाजूंनी एकदम आवाज आला आणि जत्रा हसली. "अण्णा, तुमचं घोडं आलं बघा!"

अण्णांनी टोपी सारखी केली. "मी कापडवाला. माझ्या हातात मापाचा गज असतो. तराजूवाल्याला शोधा."

"चौथा घोडा फिका. त्यावर मरान बसंल."

"पिलेग," कोणीतरी म्हणालं. त्यावर कोणी हसलं नाही, पण दचकलंही नाही. "दोनदा येऊन गेला. माळावर झोपड्या घालून ऱ्हायलो नव्हं का."

"समुद्रातनं सात तोंडाचं श्वापद निघंल."

"समुद्र कुठाय रं हितं?"

"कोकणात निघंल."

"मग घाट चढून हितवर येस्तवर दमंल ते. सात तोंडं म्हंजी चारा किती लागंल इचार कर."

मी वाईच्या घाटावर मोठमोठी माणसं मृत्यूच्या नुसत्या उच्चाराने हळवी झालेली पाहिली आहेत. साताऱ्याच्या बाईंचा आवाज फिक्या घोड्यापाशी दर वेळी कापायचा. इथे मात्र प्रत्येक घोडा आला, त्याला लोकांनी ओळखलं, आणि जा म्हणाले. त्यांच्या दृष्टीने ही भाकणूक नव्हतीच. जुन्या पाहुण्यांची आठवण होती. मागच्या रांगेतून एकजण ओरडला, "फौजी, हे समदं हून गेलं की रं! म्होरलं सांग!"

म्होरलं म्हणजे कोकरू.

आबांनी बाजेवर मान उचलली. चांगला डोळा फौजीवर लागला होता. उजवा पाय हलत होता. फौजीने त्यांच्याकडे पाहिलं. त्याला वाक्य येत होतं. आम्ही ते इतक्या वेळा ऐकलं होतं की मलाही झोपेत म्हणता आलं असतं. कानडी म्हातारा तोंड उघडं ठेवून वाट पाहत होता. फौजीने ओठ मिटले आणि ते मिटूनच राहिला.

"आरं म्होरलं!"

"पावसाचं सांग! पाऊस हाय का न्हाई?"

 बाईंच्या त्या सबंध प्रकरणात गारा आहेत, गंधक आहे, रक्त आहे, आगीचे लोळ आहेत. साधा पाऊस नाही. इतक्या मोठ्या भविष्यात ज्वारीबद्दल एक चकार शब्द नव्हता, आणि ते पाठ करून देताना माझ्याही लक्षात आलं नव्हतं.

"पावसाचं?" फौजी म्हणाला.

"व्हय, पावसाचं!"

"म्हाईत न्हाई."

"गोत्तिल्ला," म्हाताऱ्याने तत्परतेने कानडीत सांगितलं.

 मग पुतण्याने केस मागे टाकले. "ऐकलं का? देवाला पाऊस म्हाईत न्हाई म्हनतोय! ह्येच्या अंगात देवच न्हाई. अंग हाललं का ह्येचं? कुनी बघितलं का हाललेलं? मान आमचा झाला!"

भाकणूक मान्य झाली की देवळाचा सर्वांत वयस्क मानकरी बोलणाऱ्याच्या खांद्यावर नवी घोंगडी टाकतो. मानकरी घोंगडी मांडीवर घेऊन बसला होता. त्याने कानावर हात धरून विचारलं, "कोन बोललं शेवटाला?"

"फौजीच बोलला."

"दगडावर चढून?"

"व्हय."

"मग बोलायचं म्हंजी बोलला की. काय बोलायचं ते कवा ठरल्यालं हाय?" तो उठला. उठायला त्याला वेळ लागला. "उन्हं डोक्यावर आल्यात. मानसं उपाशी हायती. वाकव रं मान."

फौजीने मान वाकवली. घोंगडी पडली. ढोल सुरू झाले. पुतण्याला आता घुमायला खरोखरच जोर आला होता, पण पंगतीच्या गडबडीत त्याच्याकडे कोणी बघितलं नाही.

जेवताना मी फौजीच्या शेजारी होतो. तो नेहमीसारखा थोडंसं खाऊन थांबला होता. मी विचारलं, कोकराचं का गाळलंत? आबा वाट बघत होते.

"घोडं मी बघितल्यात मास्तर," तो म्हणाला. "चारी बघितल्यात. त्येंच्याबद्दल बोलायला काय वाटलं न्हाई. कोकरू मी लय कापल्यात. तिकडं बी पडल्याली लय बघितली. उभं ऱ्हायल्यालं एक बघितलं न्हाई." त्याने पत्रावळ दुमडली. "आन् आबा त्येच्यावर इश्वास ठिवायला लागला हुता."

आबांना मान घरात राहिल्याचं सांगण्यात आलं. त्यांनी ते ऐकलं. पुढे पावसाळ्यात ते गेले, तोवर त्यांनी कोकराचं वाक्य परत म्हणायला लावलं नाही. मी एकदा त्यांच्या बाजेपाशी बसून ते म्हणावं का असा विचार केला होता. मग वाटलं, हा माझ्या वडिलांचा धंदा झाला.

पुतण्या मात्र स्वस्थ बसला नाही. त्याने संस्थानच्या कोर्टात दावा लावला. मुद्दा असा की "माहीत नाही" हे शब्द भाकणूक ठरतात की नाहीत, आणि ठरत नसतील तर थोरल्या घराचा मान त्याच दिवशी संपला की नाही. दाव्याची भाषा भाकणुकीपेक्षाही भारदस्त होती. साक्षीदारांत माझं नाव होतं, कानडी म्हाताऱ्याचं होतं, आणि अण्णांचंही होतं. अण्णांना कोर्टात जाण्याची फार भीती वाटे. त्यांनी ग्रामोफोन पोत्यात घालून माळ्यावर टाकला. त्याची चौकशी कोणी केली नव्हती.

फौजी तारखांना जाई. खाकी शर्ट घालून, अंगावर घोंगडी घेऊन, पुकारा होईपर्यंत कोर्टाच्या पडवीत उभा राही. बसा म्हटलं तरी बसत नसे. न्यायाधीशांनी एकदा त्याला विचारलं की त्या दिवशी देव अंगात आला होता का. तो म्हणाला, "न्हाई साहेब." त्याच्या वकिलाने कपाळाला हात लावला. न्यायाधीशांनी निकालासाठी तारीख दिली.

त्या तारखेच्या आधी संस्थान विलीन झालं. घोडे आले नाहीत, शिंग वाजलं नाही. एक मोटार आली, तिच्यातून दोन अधिकारी उतरले, त्यांनी सह्या केल्या आणि दप्तरांची गाठोडी बांधायला सांगितली. पुतण्या निकालासाठी गेला तेव्हा कोर्टाला कुलूप होतं. त्याला सांगण्यात आलं की कागद साताऱ्याला गेले आहेत. त्याने साताऱ्याला जाऊन चौकशी केली. तिथल्या कारकुनाने नम्रपणे सांगितलं की जतकडचे कागद अजून पोचायचे आहेत, पोचले की कळवू.

ते अजून पोचायचे आहेत.